वाचकांचे प्रश्न : काळमेळ स्वयंपाक

मागील अंकात या सदरात ‘काळमेळ स्वयंपाक’ ही एक कल्पना मांडली होती. ज्या धान्यांची, मसाल्यांची आणि शिजवण्याच्या रीतींची इतिहासात कधी गाठ पडली नाही, त्यांना एका चुलीवर आणणारे स्वयंपाकघर कल्पावे आणि कोणत्याही एका शतकाची नसलेली चव त्यातून घडवावी, एवढाच त्या टिपणाचा आशय होता. त्यावर बेळगाव शहरातून तसेच खानापूर, निपाणी, चिकोडी, संकेश्वर आणि अथणी या भागांतून आलेल्या पत्रांतील निवडक प्रश्न आणि त्यांची उत्तरे येथे देत आहे.

प्रश्न : ही कल्पना निव्वळ करमणूक आहे की तिला काही शिस्त आहे? उद्या कोणी कुंद्यावर चीज किसून घातले, तर त्यालाही काळमेळ म्हणायचे काय? (एक निवृत्त शिक्षक, खानापूर)

उत्तर : शिस्त आहे, आणि ती सोडली तर या कल्पनेत काही राम उरत नाही. पहिली अट अशी, की पदार्थात पडणारी प्रत्येक वस्तू कोठून आली आणि साधारण कोणत्या काळात आपल्याकडे रुजली, हे करणाऱ्याला ठाऊक असले पाहिजे. दुसरी अट अधिक कडक आहे. एकत्र आणलेल्या दोन काळांना एकमेकांची गरज असली पाहिजे. म्हणजे जुन्या पदार्थातील उणीव नव्याने भरून काढावी किंवा नव्या पदार्थात जे हरवले ते जुन्याने परत द्यावे. कुंदा हा दूध आटवून, खरपूस करून केलेला पदार्थ आहे. चीज हेही दुधाचेच, स्निग्ध आणि जड. कुंद्याला जे हवे ते चीजकडे नाही आणि चीजला जे हवे ते कुंद्याकडे नाही. चव कोणाला आवडली तर जरूर खावे, मात्र दोन काळांची भेट त्यात होत नाही.

गरजेचे उदाहरण द्यायचे तर कल्याणीच्या चालुक्यांच्या काळातले देता येईल. राजा दुसरा जयसिंह याच्या आश्रयाला असलेल्या दुसऱ्या चावुंडरायाने इ. स. १०२५च्या सुमारास ‘लोकोपकार’ हा कन्नड ग्रंथ लिहिला. त्यात उडीद ताकात भिजवून, बारीक वाटून, दह्याच्या निवळीत कालवून आणि मसाला घालून करायच्या पदार्थाची कृती आहे, आणि इडलीच्या पूर्वजांत त्याची गणना होते. त्यात तांदूळ नाही, पीठ रात्रभर आंबवणे नाही आणि वाफेवर उकडणेही नाही. आजच्या इडलीत या तीनही गोष्टी आहेत, पण पिठातला मसाला गेला आणि ताकाचा आंबटपणाही गेला. सगळी चव चटणी-सांबाराच्या भरवशावर राहिली. आता तेच ताकात भिजवलेले उडीद घ्यावेत, जिरे, मिरी आणि हिंग घालून वाटावेत, पीठ रात्रभर आंबू द्यावे आणि सकाळी वाफेवर उकडावे. जुन्या पिठाला आजची वाफ मिळते आणि आजच्या वाफेला जुना मसाला मिळतो. चटणीवाचूनही ती इडली खाता येते.

तिसरी अट प्रामाणिकपणाची आहे. असा पदार्थ वाढताना ‘चालुक्यकालीन इडली’ असे म्हणू नये. तो कल्पनेतला पदार्थ आहे आणि तसेच सांगून वाढावा. जुन्या ग्रंथाच्या नावावर आपली नवी कृती खपवली, की इतिहासाचेही नुकसान होते आणि कल्पनेचेही.

प्रश्न : आमच्या घरी जोंधळ्याची भाकरी, शेंगा चटणी, लसूण, हिरवी मिरची आणि दही हे पूर्वापार चालत आलेले जेवण आहे. तुमच्या हिशेबाने हे ताट कोणत्या काळाचे? (एक शेतकरी, अथणी)

उत्तर : हे ताट एका काळाचे नाहीच, आणि या सदरासाठी याहून चांगला प्रश्न मिळाला नसता.

जोंधळा मूळचा आफ्रिकेचा. तो हजारो वर्षांपूर्वी समुद्र ओलांडून आला आणि दख्खनच्या काळ्या जमिनीत असा रुजला, की आज त्याच्यावाचून अथणी किंवा रामदुर्गचे जेवण डोळ्यांसमोर येत नाही. लसणाचे मूळ मध्य आशियात आहे आणि जिरे पश्चिम आशियाकडचे. दोन्ही फार जुन्या काळी आली. दही या मातीचे, गाईगुरे पाळणाऱ्या पहिल्या माणसांइतके जुने. मिरची मात्र मेक्सिकोच्या बाजूची. पोर्तुगीज आले आणि १५१०मध्ये त्यांनी गोवा घेतला. त्यानंतरच तिला आपल्याकडे वाट मिळाली. शेंगा दक्षिण अमेरिकेच्या. त्या आणखी उशिरा पसरल्या आणि त्यांची मोठ्या प्रमाणावरची लागवड एकोणिसाव्या शतकातली आहे. म्हणजे आपण ज्याला पूर्वापार म्हणतो त्या ताटात आफ्रिका, मध्य आशिया आणि अमेरिका ही तीन टोके आहेत, आणि त्यांच्यात कित्येक हजार वर्षांचे अंतर आहे.

शेंगा येण्यापूर्वी भाकरीबरोबर कोणती चटणी असेल, असे कोणी विचारले तर उत्तर आपल्याच फडताळात आहे. कारळे, तीळ आणि जवस यांच्या चटण्या शेंगा चटणीहून कितीतरी जुन्या घराण्याच्या आहेत. तीळ भारतातलाच, कारळे इथिओपियातून फार पूर्वी आलेले. कारळ्याला एक हलका कडवटपणा असतो आणि भाजताना त्याचा वास सगळ्या घरात भरतो. शेंगा गोड आणि तेलकट असल्याने लहान मुलांनाही लगेच आवडतात, म्हणून त्यांनी कारळ्याला मागे सारले असावे, असा माझा अंदाज आहे. काळमेळाच्या दृष्टीने या दोघांना एकत्र आणणे अगदी सोपे आहे. दोन वाट्या भाजलेल्या शेंगांना अर्धी वाटी भाजलेले कारळे घ्यावेत आणि खलबत्त्यात किंवा उखळात कुटावेत. मिक्सर चालवायचा असेल तर थांबून थांबून चालवावा, नाहीतर शेंगांचे तेल सुटून चटणीचा गोळा होतो. कारळ्याचा कडवटपणा शेंगांच्या गोडव्याला आवर घालतो आणि चटणी ओशट लागत नाही.

आपल्या पत्रात ‘आमच्या जेवणात नवे काही नाही’ असे एक वाक्य आहे, त्यात थोडी खंत जाणवली. तशी खंत बाळगण्याचे कारण नाही. ज्या अनोळखी शेतकऱ्यांनी जोंधळ्याशेजारी मिरची लावली आणि भाकरीवर शेंगांची चटणी ठेवली, त्यांनी काळमेळ स्वयंपाक कल्पनेत न ठेवता प्रत्यक्ष करून दाखवला आहे.

प्रश्न : मला आपली कल्पना आवडली, पण सासूबाई म्हणतात की सणावाराच्या आणि देवाच्या स्वयंपाकात असली सरमिसळ नको. त्यांना काय सांगावे? (एक गृहिणी, शहापूर, बेळगाव)

उत्तर : सासूबाईंचे म्हणणे आधी मान्य करावे. नैवेद्याचा स्वयंपाक घराच्या रीतीनेच व्हावा, कारण तेथे चवीपेक्षा सातत्य मोलाचे असते आणि ते सांभाळण्याचा मान घरातील ज्येष्ठांचा असतो. काळमेळाला वर्षाचे इतर पुष्कळ दिवस मोकळे आहेत.

तरीही आषाढी एकादशीच्या दिवशी त्यांच्याबरोबर बसून उपवासाच्या ताटाकडे एकदा बारकाईने पाहावे. साबुदाणा कसाव्याच्या कंदापासून करतात आणि कसावा दक्षिण अमेरिकेचा; आपल्याकडे साबुदाण्याचा धंदा तमिळनाडूतील सेलम भागात १९४०च्या दशकात उभा राहिला. बटाटा अँडीज पर्वताचा. शेंगदाणे, हिरवी मिरची आणि राजगिरा ही तिन्ही अमेरिका खंडाचीच. बेळगाव तालुक्याच्या पश्चिम भागातल्या लाल मातीत पिकणारे आणि उपवासाच्या दिवसांत बाजारात पोत्यांनी येणारे रताळेही मूळचे तिकडचेच. वरीचे तांदूळ, दूध, दही, तूप आणि सुंठ एवढेच काय ते जुन्या घरचे. आपल्या आज्यांनी आणि पणज्यांनी या परक्या कंदांना उपवासाच्या पवित्र ताटात जागा दिली ती विचारपूर्वक दिली. जे धान्य नाही ते उपवासाला चालते, या जुन्या नियमात ते कंद नीट बसत होते. नियम जुना ठेवून वस्तू नवी स्वीकारणे हा परंपरेचाच स्वभाव आहे, आणि सासूबाईंना हे आपल्यापेक्षा अधिक ठाऊक असण्याची शक्यता आहे.

प्रश्न : संकेश्वरच्या मिरचीवाचून आमचे जेवण होत नाही. मिरची येण्यापूर्वी लोक तिखट खातच नव्हते काय? आणि मिरची व मिरी दोन्ही एकत्र घातल्यास एकमेकांना मारत नाहीत काय? (एक व्यापारी, संकेश्वर)

उत्तर : तिखट होतेच, पण ते वेगळ्या घडणीचे होते. मिरी, पिंपळी, आले, सुंठ, मोहरी आणि हिंग या सगळ्यांत मिळून ते वाटले गेले होते. मिरी सह्याद्रीच्या खालच्या अंगाला, कारवारपासून मलबारपर्यंतच्या ओल्या जंगलात वाढणारी. पिंपळी तिची बहीण, दिसायला बारीक कणसासारखी. चव सुरुवातीला किंचित गोड लागते आणि तिखटपणा मागाहून हळूहळू चढतो. आज पिंपळी स्वयंपाकघरातून जवळजवळ गेली आणि औषधांच्या दुकानात उरली, याचे मला मनापासून वाईट वाटते. मिरची स्वस्त, परसात उगवणारी आणि कोरडवाहू जमिनीतही येणारी होती. दूरच्या जंगलातून विकत आणाव्या लागणाऱ्या पिंपळीला तिच्यापुढे टिकता आले नाही.

दोघी एकमेकींना मारतात काय, याचे उत्तर विज्ञानाने अलीकडे नीट दिले आहे. मिरचीतील तिखट घटक, कॅप्सायसिन, जिभेवरच्या ज्या ग्राहकावर (म्हणजे संवेदना टिपणाऱ्या प्रथिनावर) काम करते त्याचा शोध डेव्हिड ज्यूलियस यांच्या प्रयोगशाळेत १९९७मध्ये लागला आणि त्या कामासाठी त्यांना २०२१चे नोबेल पारितोषिक विभागून मिळाले. हा ग्राहक मुळात उष्णता ओळखण्यासाठी असतो. साधारण ४३ अंश सेल्सिअसच्या पुढे तो जागा होतो. मिरची त्याला न तापवताच जागे करते, म्हणून तोंड ‘भाजल्यासारखे’ वाटते. मिरीतील आणि पिंपळीतील पायपरीनही याच ग्राहकाला जागे करते, पण त्याचा जोर कॅप्सायसिनपेक्षा पुष्कळ सौम्य असतो. मोहरीचा रस्ता वेगळा. दाणे ओले करून वाटले की त्यांत तयार होणारे तिखट तेल थेट नाकात चढते, आणि उष्णता लागली की तो झटका निघून जातो. म्हणून फोडणीतली मोहरी खमंग लागते आणि लोणच्यातली फेसलेली मोहरी झणका देते.

तेव्हा प्रश्न मिरची की मिरी हा नसून कोणाला कोणत्या क्षणी घालायचे, हा आहे. यावर मी एक पदार्थ सुचवते. त्याला ‘तीन तिखटांचे कट’ म्हणता येईल. एक वाटी हुलगे निवडून रात्रभर भिजवावेत. हुलगा हे दक्षिण भारतातील अतिप्राचीन कडधान्य आहे. बळ्ळारी भागातील संगनकल्लूसारख्या नवाश्मयुगीन वस्त्यांत मुगाबरोबर त्याचे जळलेले दाणे सापडले आहेत. सहा वाट्या पाण्यात, शक्यतो मातीच्या भांड्यात, मंद आचेवर हुलगे शिजत ठेवावेत आणि त्याच वेळी दोन अख्ख्या पिंपळ्या ठेचून पाण्यात सोडाव्यात. पिंपळी सावकाश उतरणारी आहे, तिला वेळ द्यावा लागतो. दाणे बोटाने सहज चेपले जाऊ लागले की वरचे दाट पाणी, म्हणजे कट, गाळून घ्यावे. दाण्यांची उसळ वेगळी करावी. कटात चार-पाच आमसुले आणि मीठ घालून एक उकळी आणावी. आमसूल आपल्या घाटातले आणि जुने, म्हणून चिंचेऐवजी तेच घ्यावे.

आता मिरची. तेल तापवून जिरे, लसूण आणि एक संकेश्वरी व दोन ब्याडगी मिरच्या घालाव्यात. ब्याडगी रंग देते आणि तिखटपणात मवाळ असते, संकेश्वरी तिखटपणा देते. कॅप्सायसिन तेलात उतरते, पाण्यात नीट उतरत नाही. म्हणून मिरचीची जागा फोडणीतच आहे. फोडणी कटावर ओतून आच बंद करावी. वाढायच्या आधी अर्धा चमचा मिरी ताजी भरडून वरून घालावी. मिरीचा सुगंध उडून जाणाऱ्या तेलात असतो आणि फार उकळल्यास तो वाफेबरोबर जातो.

पहिल्या घोटाला मिरीचा वास येतो, जिभेवर लगेच मिरची लागते आणि घोट घशाखाली उतरल्यावर पिंपळीची ऊब मागे रेंगाळते. दोघी एकमेकींना मारत नाहीत, कारण त्यांना एकाच क्षणी बोलू दिलेले नाही. नवाश्मयुगातला हुलगा, चालुक्यांच्या काळातही दुर्मिळ नसलेली पिंपळी आणि सोळाव्या शतकानंतर आलेली मिरची इतक्या निकट कधी आल्या असतील, असे मला वाटत नाही. मिरची घरोघर पोहोचू लागली तशी पिंपळी मागे पडत गेली.

प्रश्न : टोमॅटोला या स्वयंपाकात जागा आहे काय? हल्ली प्रत्येक आमटीत तो असतो. (एक वाचक, निपाणी)

उत्तर : आहे, पण आमटीत नाही. आमटीला चिंच आणि आमसूल पुरेसे आहेत. टोमॅटोचे खरे बळ त्याच्या आंबटपणात नसून पिकल्यावर त्यात वाढणाऱ्या ग्लुटामेटमध्ये आहे; त्याने चवीला एक भरीवपणा येतो. विस्तवावर भाजलेला पिकलेला टोमॅटो कारळ्याच्या कोरड्या चटणीत कुस्करून पाहावा. कारळ्याला ओलावा हवा असतो आणि टोमॅटोला खमंगपणा.

प्रश्न : घरच्या कार्यात पाहुण्यांना वाढता येईल असा, बेळगावची ओळख सांगणारा एखादा काळमेळ गोड पदार्थ सुचवाल काय? (एक वाचक, टिळकवाडी, बेळगाव)

उत्तर : कुंदा भरलेले मांडे. बेळगावला या दोन्ही गोष्टी हाताशी आहेत, आणि तरी त्यांना एकमेकांत घालण्याची रीत नाही.

मांड्यांचे वय प्रथम पाहू. कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याने ११३०च्या सुमारास ‘मानसोल्लास’ हा संस्कृत ग्रंथ सिद्ध केला. त्यातील अन्नभोगाच्या प्रकरणात ‘मंडक’ आहे. गव्हाच्या पिठाचे गोळे हातांनी ताणून तापलेल्या खापरावर टाकायचे आणि काळे पडण्याआधी काढायचे, अशी ती रीत. आपल्या सौंदत्तीचे रट्ट त्या वेळी याच चालुक्यांचे मांडलिक होते, तेव्हा या पदार्थाची हवा आपल्या भागाला तेव्हापासून असणे अगदी शक्य आहे. पुढे तेराव्या शतकातील ज्ञानेश्वरांच्या पाठीवर मुक्ताईने मांडे भाजल्याची आख्यायिका मराठी घरांत आजही सांगितली जाते. बेळगावात लग्नाच्या रुखवतात मांडे अजून मानाने ठेवतात. पीठ तेच, ताणणेही तेच. पालथ्या घातलेल्या तापल्या भांड्यावर पातळ पोळी टाकायची, तिच्यात तूप आणि पिठीसाखर पसरायची आणि ओली आहे तोवर घडी घालायची. निवाली की कागदासारखी कुरकुरते.

कुंद्याचे वय याच्यापुढे काहीच नाही. तो शहरी मिठाईच्या दुकानातला, विसाव्या शतकाचा पदार्थ आहे. दूध आणि खवा साखरेबरोबर इतका वेळ परतायचा, की दुधातील साखर आणि प्रथिने तापून एकमेकांशी जोडली जातात. बदामी रंग आणि खरपूस वास त्यातूनच येतो. हलवाई रंग पाहून आच कमी-जास्त करतो.

आता दोघांच्या उणिवा पाहाव्यात. मांड्यातली पिठीसाखर गोड आहे, पण तिला स्वतःचा असा वास नाही, आणि मांडा कोरडा असल्याने दुसरा खाताना घशाशी येतो. कुंदा भरपूर रसाळ आहे, पण नुसता खाल्ला तर दोन चमच्यांत पोट भरते, आणि दाताखाली येईल असे त्यात काही नाही. कुरकुरीत आणि ओलसर, कोरडे आणि स्निग्ध, बारावे शतक आणि विसावे शतक. गरजेची जी अट सुरुवातीला सांगितली ती येथे पूर्ण होते.

कृतीत एकच अडचण आहे आणि ती ओलाव्याची. कुंदा आत घालून मांडा ठेवून दिला, तर थोड्याच वेळात त्याचा कुरकुरीतपणा जातो. म्हणून दोन गोष्टी कराव्यात. कुंदा नेहमीपेक्षा अंमळ कोरडा परतून घ्यावा, इतका की चमच्याने उचलला असता कड धरून उभा राहील. आणि मांड्याच्या आतल्या बाजूला आधी पातळ तुपाचा हात फिरवावा, म्हणजे तुपाचा थर ओलावा लगेच पिठात शिरू देत नाही. मांडे आदल्या दिवशी करून ठेवता येतील, पण ते मोकळे, अर्ध्या घडीचे ठेवावेत. पंगत बसल्यावर त्यांत दोन चमचे कोमट कुंदा पसरावा, वर वेलदोडा आणि चिमूटभर भरडलेली मिरी घालून दुमडावे आणि लगेच वाढावे. गोडात मिरी ऐकून पाहुणे बिचकतील, परंतु मिरीमुळे दुधाचा जडपणा तुटतो. साखरेऐवजी गूळ घालून कुंदा करावा काय, असे काहींच्या मनात येईल. गरम दुधात गूळ घातल्यास त्याच्या आंबट अंशाने दूध फाटण्याचा धोका असतो, म्हणून गूळ हवाच असेल तर तो बारीक किसून तुपाबरोबर मांड्याला लावावा आणि कुंद्यात साखर निम्मी करावी.

मांडे ताणण्याचे काम सोपे नाही. ते येणाऱ्या बायका आता शहरात थोड्या उरल्या आहेत आणि बहुतेक वयाने मोठ्या आहेत. कार्य ठरवले तर त्यांना मान देऊन बोलवावे, योग्य मोबदला द्यावा आणि घरातील एका तरुण मुलीला किंवा मुलाला त्यांच्या शेजारी बसवावे.

प्रश्न : भूतकाळ समजला, पण भविष्यकाळाची चव कशी आणणार? आणि जी चव कायमची हरवली, तिचे काय? (महाविद्यालयीन विद्यार्थी, चिकोडी)

उत्तर : दुसरा भाग आधी घेते, कारण त्यातून पहिल्याचे उत्तर सोपे होते.

उत्तर आफ्रिकेत, आजच्या लिबियातील सायरीनी या ग्रीक नगराच्या परिसरात ‘सिल्फियम’ नावाची वनस्पती उगवत असे. तिच्या चिकाची किंमत एवढी होती, की त्या नगराच्या नाण्यांवर तिचे चित्र असे. पहिल्या शतकातील रोमन लेखक प्लिनी सांगतो, की त्याच्या काळात तिचा एकच देठ सापडला आणि तो सम्राट नीरोकडे पाठवला गेला. त्यानंतर रोमन स्वयंपाक्यांनी तिच्या जागी इराणकडून येणारा हिंग वापरला. तोच हिंग आपल्या फोडणीत रोज पडतो. हरवलेली चव परत येत नाही; तिची जवळची नातलग मात्र शोधता येते, आणि तिच्यावरून मूळ चवीचा तर्क करता येतो. काळमेळ स्वयंपाकात एवढाच आधार घेता येतो आणि माझ्या मते तो पुरेसा आहे. हिंगाचेच पाहा. आपण शतकानुशतके तो बाहेरून आणत आलो आणि भारतात त्याच्या लागवडीचा नियोजित प्रयत्न हिमाचल प्रदेशातील लाहौल खोऱ्यात ऑक्टोबर २०२०मध्ये सुरू झाला. पुढच्या पिढीला हिमालयातला हिंग मिळाला, तर त्याची चव आजच्यापेक्षा थोडी निराळी असू शकेल.

भविष्यकाळाविषयी मी फार दूरची कल्पना करत नाही. आपल्या जिल्ह्यात खानापूरला धो धो पाऊस पडतो आणि अथणी, रामदुर्ग, सौंदत्तीच्या कोरडवाहू रानांत शेतकरी आभाळाकडे डोळे लावून बसतो. उद्याचे जेवण कोणते, हे पाणी ठरवणार आहे. संयुक्त राष्ट्रांनी २०२३ हे भरडधान्यांचे आंतरराष्ट्रीय वर्ष म्हणून पाळले त्यामागे हाच विचार होता. राळे, सावे, वरी आणि कन्नडमध्ये ज्याला कोरले म्हणतात ते बारीक धान्य थोड्या पाण्यावर आणि थोड्या दिवसांत येते. त्यांतले कोरले तर संगनकल्लूच्या माणसांनीही खाल्ले होते. म्हणजे भविष्यकाळाचे ताट भूतकाळाच्या फार जवळ जाऊ शकते.

आपण तरुण आहात म्हणून एक काम सुचवते. कोरले किंवा राळे भाजून त्यांचा भात करावा. भाजल्याशिवाय केला तर तो चिकट आणि बेचव लागतो, आणि याच कारणाने आपल्या घरांतील मुलांनी ही धान्ये नाकारली. भातावर वर सांगितलेले तीन तिखटांचे कट वाढावे. घरातील वडीलधाऱ्यांना विचारावे, की त्यांच्या लहानपणी राळ्याचा भात कोणत्या दिवशी होत असे आणि कशाबरोबर खात असत. ती उत्तरे लिहून ठेवावीत आणि या सदराकडे पाठवावीत, कारण ती अजून कोणत्याही पुस्तकात पोहोचलेली नाहीत.

प्रश्न : आपण वारंवार मातीचे भांडे सांगता. कुकरमध्ये केले तर काय बिघडते? भांडे कोणते घ्यावे? (एक वाचक, अनगोळ, बेळगाव)

उत्तर : बिघडत काही नाही, वेळ नसेल तर कुकर खुशाल वापरावा. मातीचे भांडे हळू तापते आणि हळू निवते, त्यामुळे हुलग्यासारखे कठीण दाणे न फुटता आतपर्यंत शिजतात आणि कट स्वच्छ उतरते. कुकरमध्ये दाणे फुटून कट गढूळ होते, एवढाच फरक.

मातीच्या भांड्यांसाठी आपल्याला दूर जाण्याची गरज नाही. खानापूरची माती आणि तेथील कुंभारकाम प्रसिद्ध आहे. भांडे जाड बुडाचे, आतून चकाकी न लावलेले घ्यावे. काही चकाकीच्या लेपांत शिसे असते आणि आमसूल-चिंचेसारख्या आंबटाने ते अन्नात उतरू शकते. बोटाने टिचकी मारली असता खणखणीत आवाज आला पाहिजे. बद्द आवाज आला तर भांडे तडकलेले किंवा कच्चे भाजलेले समजावे. नवे भांडे एक दिवस पाण्यात बुडवून ठेवावे, मग त्यात तांदळाची पेज मंद आचेवर उकळून ती टाकून द्यावी, म्हणजे मातीची छिद्रे भरतात आणि भांडे पाझरत नाही. धुताना साबण लावू नये, तो मातीत मुरतो. राख किंवा नारळाची शेंडी आणि गरम पाणी पुरते.